दुपारची कडी

जे बोलायचं नसतं ते गौराक्का मोठ्यानं बोलायच्या, आणि जे सगळेच मोठ्यानं बोलतात त्यात त्यांना रस नसायचा. कुणाच्या मुलाला किती मार्क पडले, कुणाकडे रंगीत टीव्ही आला, हे सुरू झालं की त्या खाली मान घालून सुपातले तांदूळ निवडायला लागायच्या. पण एखादी नवी सून सुजलेल्या डोळ्यांनी नळावर आली की सगळ्यांसमोर विचारायच्या, "का गं, नवरा जवळ घेत न्हाई व्हय?" सून कळशी अर्धी टाकून पळायची, बाकीच्या पदर तोंडाला लावायच्या. गौराक्का मात्र ती गेली त्या दिशेला बघत उभ्या राहायच्या. त्यांना खरोखरच उत्तर हवं असायचं.

आम्ही त्यांच्या माडीवर भाड्यानं राहायला गेलो ते नव्वदीच्या सुरुवातीला. विलासची पाटबंधारे खात्यात कोल्हापूरला बदली झाली होती आणि आमचं लग्न नवं होतं. शाहूपुरीतलं घर. पुढं खण आणि इरकली लुगड्यांचं दुकान, मागं गौराक्कांचा संसार, वर आम्ही. मध्ये नुसत्या फळ्या, त्यामुळं खालचं वर आणि वरचं खाली सगळं ऐकू यायचं. घर लिंगायतांचं, एका वाक्यात मराठी आणि कानडी दोन्ही यायचं. घरात तिघंच माणसं. गौराक्का, त्यांचे मालक मल्लाप्पा, ज्यांना सगळी गल्ली अण्णा म्हणायची, आणि अण्णांची म्हातारी आई, अव्वा. एक मुलगी होती, ती निपाणीला दिलेली.

अण्णा सडपातळ, गोरे, हळू बोलणारे. स्वच्छतेचं त्यांना वेड होतं. दिवसातून दोनदा अंघोळ, परीटघडीचा पांढरा शर्ट, कानात हिन्याच्या अत्तराचा फाया. नवा माल आला की गठ्ठा फोडून पहिला खण ते गौराक्कांच्या खांद्यावर टाकायचे. दुकानात गिऱ्हाईक असो, पावणं असो.

"जरा वळ," म्हणायचे.

गौराक्का वळायच्या. अण्णा डोळे बारीक करून खणाकडे बघायचे, मग त्यांच्याकडे बघायचे, आणि बघणं जरा लांबायचं. "हं. खपणार हा."

"लाज सोडलीया दोघांनी," अव्वा मागच्या खोलीतून पुटपुटायच्या. त्या बाविसाव्या वर्षी विधवा झालेल्या. कपाळाला विभूती, अंगावर पांढरं लुगडं, आणि घरात कोण कुठं बसलं, कोण कुणाच्या किती जवळ बसलं, यावर त्यांची सतत नजर.

गौराक्का कोल्हापूरच्या बायकांसारखं 'मी येतो, मी करतो' असं बोलायच्या. मी सांगलीची, मला सुरुवातीला ते चमत्कारिक वाटायचं. पुढं त्यांच्या तोंडी दुसरं काही शोभलंच नसतं असं वाटायला लागलं.

दुसऱ्या वर्षी माझं मूल आठव्या महिन्यात पोटातच गेलं. दवाखान्यातून घरी आल्यावर विलास आणि मी एकमेकांशी फार चांगलं वागायला लागलो. चहा करू का, औषध घेतलंस का, पंखा वाढवू का. दोघं पलंगाच्या दोन कडांना झोपायचो, आणि चुकून पाय लागला तर 'सॉरी' म्हणायचो. असे बरेच महिने गेले.

एक दिवस सकाळी मी जिना उतरत होते. गौराक्का खाली भाजी घेत होत्या. भाजीवाली तिथंच होती.

"शोभा," त्या म्हणाल्या, "तुमचा पलंग वाजत न्हाई की गं आताशा."

माझ्या कानशिलांतून आग निघाली. "तुम्हाला काही वाटतं का हो? माझं मूल गेलंय," एवढं म्हणून मी वर आले आणि दार आपटलं. त्यांच्याशी बोलणं बंद केलं. भाडं विलासच्या हाती पाठवलं. दुसरी खोली बघायची असंही ठरवलं.

आठवड्याभरानं त्याच वर आल्या. हातात ताटली, ताटलीत गरम भाकरी आणि वांग्याची भाजी. न विचारता फरशीवर बसल्या. माफी मागायला आल्या असतील असं मला वाटलं. ते काही त्यांनी केलं नाही.

"आमचा शिवू चार वर्साचा व्हऊन गेला," त्या म्हणाल्या. "तापानं. तुला कुनी सांगितलं नसंल. त्येच्यानंतर मला वाटायचं, ह्यांनी मला हात लावला आन मला बरं वाटलं, तर मी पोराला इसरलो असं व्हईल. ह्यांना बी तसंच वाटत असणार. पण कोण कुणाला इचारतंय? वरीस गेलं. एकदा मी ह्यांच्या पाठीला साबण लावाय गेलतो, तर हे दचकले. परक्या बाईनं हात लावल्यागत. तवा मी भ्यालो बघ. पोरगं तर गेलंच हुतं. आता नवरा बी घरात असून चाललाय."

मी त्यांच्यासमोर फरशीवर बसले.

"मग भांडलो आमी. लई भांडलो. रडलो. आन जवळ गेलो. त्यानं पोर परत येत न्हाई गं. पण रडाय बी कुणाचंतरी अंग लागतं की. भिताडाला टेकून किती दिस रडायचं?"

ताटली तिथंच ठेवून त्या खाली गेल्या. आमचं पुढं काय झालं ते आमच्यापाशी राहू दे. खोली मात्र आम्ही बदलली नाही.

त्यानंतर दोनेक वर्षांनी अण्णांचं दुखणं बाहेर आलं. शौचावाटे रक्त जात होतं आणि ते त्यांनी कित्येक महिने कुणाला कळू दिलं नव्हतं. असल्या गोष्टीचा उच्चार करणं त्यांच्या स्वभावातच नव्हतं. मिरजेला नेलं तेव्हा कॅन्सर निघाला. डॉक्टरांनी आतड्याचा खालचा भाग काढून टाकला, खालची वाट कायमची बंद केली आणि पोटाच्या डाव्या बाजूला आतड्याचं लाल तोंड बाहेर काढून तिथं पिशवी लावली. दिवसातून दोनदा अंघोळ करणाऱ्या माणसाच्या पोटावर.

घरी सोडायच्या दिवशी मी बरोबर होते. डॉक्टर तरुण होते, भले होते. काय खायचं, पिशवी कशी बदलायची, पुन्हा कधी यायचं, सगळं समजावून सांगितलं. मग म्हणाले, "अजून काही विचारायचंय?"

गौराक्का म्हणाल्या, "आमी नवरा-बायकोसारखं ऱ्हायचं का न्हाई?"

डॉक्टरांना आधी कळलंच नाही. "म्हणजे, घरी राहायला काहीच हरकत नाही…"

"घरात ऱ्हातोच की. एका अंथरुणात म्हणतो मी."

शेजारच्या खाटेजवळचे नातेवाईक बोलायचे थांबले. अण्णांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. त्यांची मान लालबुंद झालेली मला दिसत होती. नर्स ट्रे घेऊन निघून गेली. डॉक्टरांनी घसा साफ केला आणि मग, हा त्यांचा मोठेपणा सांगायला हवा, त्यांनी नीट उत्तर दिलं. जखम भरेपर्यंत थांबा. त्या भागातल्या नसांना धक्का बसलेला असतो, त्यामुळं काही गोष्टी जमतील, काही कदाचित जमणार नाहीत. पण मनाई कसलीच नाही. "फक्त, पहिल्यासारखं होईलच असं नाही, आई."

"पैल्यासारखं काय ऱ्हातंय डॉक्टर?" गौराक्का म्हणाल्या. "ह्यांचे पैले केस तरी ऱ्हायल्यात का?"

परतीच्या गाडीत अण्णा त्यांच्याशी एक शब्द बोलले नाहीत.

घरी आल्यावर अण्णांनी आपलं अंथरूण मालाच्या खोलीत हलवलं. दुकानामागं, लुगड्यांच्या गठ्ठ्यांमध्ये. पिशवी बदलताना ते आतून दार लावायचे. गौराक्का नर्सकडून सगळं शिकून आल्या होत्या, पण त्यांनी त्यांना एकदाही आत घेतलं नाही. खोलीत सतत उदबत्ती, वर अत्तर. तो मिसळलेला वास आमच्या माडीपर्यंत यायचा. हळूहळू त्यांनी जेवण कमी केलं. मला वाटलं भूक नाही. गौराक्कांनी ओळखलं होतं.

"पिशवी रिकामी ऱ्हावी म्हणून खात न्हाईत," त्या मला म्हणाल्या. "असंच ऱ्हायलं तर कॅन्सरला काय करायचंच ऱ्हाणार न्हाई."

लिंगायत माणूस गळ्यातलं लिंग तळहातावर घेऊन रोज पूजा करतो. अण्णांनी ती पूजाही सोडली. हे कळल्यावर अव्वा उंबऱ्यात बसून रडल्या. गौराक्का दुपारी मालाच्या खोलीच्या बंद दाराला पाठ लावून बसायच्या आणि आत ऐकू जाईल असं काहीबाही बोलत राहायच्या. अमुक गिऱ्हाईक आलतं, तमुक रंग संपला. आतून हूं की चूं नाही. माझ्याच्यानं जिन्यावरून खाली बघवायचं नाही.

श्रावण संपत आला होता. गौरीच्या ओटीसाठी खण घ्यायला दुकानात गर्दी. चंदगडकडच्या बायकांचा एक घोळका आला होता, आणि अण्णा त्या दिवशी बऱ्याच दिवसांनी गादीवर बसून खण दाखवत होते. मी माझ्या आईसाठी एक खण घ्यायला खाली गेले होते. अण्णा हात लांब करून वरच्या फळीवरचा गठ्ठा काढायला उठले आणि तेवढ्यात पिशवी सुटली. शर्टावर डाग पसरत गेला. वास आला. एका बाईनं नाकाला पदर लावला. दुसरी म्हणाली, "अगंबया, काय मेलंय काय हितं?"

अण्णांनी हातातला गठ्ठा खाली ठेवला. नीट, कडा जुळवून. पायांत वहाणा घातल्या आणि कुणाकडं न बघता पायऱ्या उतरून गेले.

गौराक्का आत भाकरी थापत होत्या. मी धावत जाऊन सांगितलं. त्यांनी पिठाचे हात तसेच पुसले, कोनाड्यातली एक कापडी पिशवी उचलली आणि बाहेर पडल्या. मी छत्री घेऊन मागोमाग निघाले. कोपऱ्यावरच्या पानवाल्यानं सांगितलं, अण्णा रिक्षा करून स्टँडवर गेले. स्टँडवर ओळखीचा एक कंडक्टर भेटला. तो म्हणाला, "अण्णा व्हय? वाडीच्या गाडीत बसलं की मघाशी."

गौराक्का जागच्या जागी उभ्या राहिल्या. "वाडीला आमचं काय काम?" त्या माझ्याकडं बघून म्हणाल्या. "तिथं आमचं पावणं न्हाई, आमचा देव न्हाई. वाडीला नुसती नदी हाय."

पुढची गाडी लगेच मिळाली, तरी तो प्रवास मला अजून संपलेला वाटत नाही. गौराक्का समोरच्या सीटची दांडी घट्ट धरून बसल्या होत्या. एरवी गाडीत शेजारच्याचं गाव-गोत्र विचारणारी ही बाई, पण सबंध वाटेत एक अक्षर बोलली नाही. जयसिंगपूरला गाडी थांबली, ड्रायव्हर चहाला उतरला, तेव्हा फक्त म्हणाल्या, "ह्याला चहा आत्ताच प्याचा हुता."

नृसिंहवाडीला कृष्णा आणि पंचगंगा एकत्र येतात. श्रावणात पाणी घाटाच्या पायऱ्या चढून वर येतं. आम्ही घाटाच्या टोकाला, जिथं माणसांची वर्दळ संपते तिथवर गेलो. अण्णा तिथं होते. पाणी लागतं त्या पायरीवर बसलेले, गुडघ्यापर्यंत पाय पाण्यात. शेजारी वहाणा ओळीनं ठेवलेल्या आणि त्यांच्यावर हातरुमालाची गाठोडी. ती बघून गौराक्कांच्या तोंडून आवाज निघाला. त्या गाठोडीत काय आहे ते मला नंतर कळलं. जन्मात गळ्यातून न काढायचं ते लिंग अण्णांनी उतरवून ठेवलं होतं.

मला वाटलं त्या ओरडतील, रडतील, त्यांना ओढतील. त्या सावकाश पायऱ्या उतरल्या आणि त्यांच्या शेजारी, लुगड्यासकट पाण्यात पाय सोडून बसल्या. मी दोन पायऱ्या वर थांबले.

मग गौराक्कांनी गाठोडी उचलली. "हे कुणासाठी काढून ठेवलंसा?"

"घाण अंगावर कसं ठेवू?" अण्णा म्हणाले.

"आपल्यात इटाळ मानत न्हाईत. मला पाळी असताना बी पूजा कराय तुमीच सांगत हुता की. नवी नवरी हुतो मी. तवा तुमी शिकवलंसा, आन आता इसरलासा?"

"तू जा, गौरा. मी येतो मागनं."

"येत न्हाई तुमी. मला ठावं हाय."

अण्णा पाण्याकडं बघत राहिले.

"बघू द्या मला," गौराक्का म्हणाल्या.

"नको."

"इतकी वर्सं तुमचं सगळं बघितलंय मी. हे एक बघू द्या. मग काय करायचं ते करा. मी हात धरणार न्हाई."

अण्णांचे खांदे हलायला लागले. गौराक्का मागं वळून मला म्हणाल्या, "शोभा, छत्री उघड. आन तोंड तिकडं कर." मी छत्री उघडून आडोसा धरला आणि दत्ताच्या देवळाकडं तोंड करून उभी राहिले. पाठीमागं कापडी पिशवी उघडल्याचा आवाज आला. मी तिच्यात पैसे असतील असं समजत होते. तिच्यात नवी पिशवी होती, कापूस होता, तांब्या, धुतलेला शर्ट आणि धोतर होतं. मिरजेहून आल्यापासून त्यांनी ती भरून कोनाड्यात ठेवलेली होती.

तांब्यातून पाणी ओतल्याचा आवाज. मग एकदम काहीच नाही. आणि मग गौराक्कांचा नेहमीचा आवाज आला, घाटभर ऐकू जाईल असा.

"एवढंच व्हय? टोमॅटोएवढं तर हाय! मला वाटलं काय न् काय असंल."

अण्णांच्या तोंडून काहीतरी निघालं. आधी ते रडणं वाटलं, मग हसणं वाटलं. दोन्ही असावं. मी शेवटपर्यंत वळले नाही. छत्री मिटायला सांगितली तेव्हा अण्णांच्या अंगावर कोरा शर्ट होता, आणि गौराक्का त्यांच्या गळ्यात लिंगाचा दोरा बांधत होत्या.

त्यानंतर अण्णांचं अंथरूण मालाच्या खोलीतून परत आत आलं. दुपारी जेवण झालं की दुकान बंद व्हायचं. गौराक्का खोलीचं दार लावायच्या आणि आतून कडी घालायच्या. दिवसाढवळ्या. ती कडी पडल्याचा आवाज माडीवर यायचा, अंगणात यायचा. गल्लीला आठवडाभरात कळलं.

"आजारी माणूस घरात आन हिचं दार बंद," नळावर बायका म्हणायच्या. अव्वांना तर वेगळीच धास्ती होती. मुलाच्या अंगात रक्त राहिलेलं नाही, बायकोजवळ गेला तर उरलंसुरलं तेज जाईल आणि तो मरेल, असं त्यांच्या मनानं घेतलं होतं. त्या दिवसभर धुसफुसत राहायच्या. एका दुपारी त्यांचा धीर सुटला. दारावर काठी आपटायला लागल्या.

"गौरा! दार उघड! खातीस काय त्येला? माझं एकच लेकरू ऱ्हायलंय!"

मी जिन्यावर आले. शेजारच्या खिडक्या उघडल्या होत्या.

"उघडत न्हाई, अव्वा," आतून गौराक्का म्हणाल्या. "मरायचं असंल तर माझ्याजवळ मरू देत."

"शिवा, शिवा! ऐकलंसा का हिचं बोलणं?" अव्वांनी पुन्हा काठी उचलली. ती दारावर पडायच्या आत आतून अण्णांचा आवाज आला. हळू, पण स्पष्ट.

"अव्वा, कडी मीच लावायला सांगितली."

काठी तशीच हवेत राहिली. कित्येक महिन्यांत अण्णा आईशी आपणहून बोलले नव्हते. अव्वा तिथंच खाली बसल्या. थोड्या वेळानं आतून दोघांचं हसणं ऐकू आलं, दबलेलं, पोरासोरांसारखं. मी अव्वांच्या तोंडाकडं बघत होते. त्या रागावतील असं वाटलं. त्यांनी फक्त काठी मांडीवर आडवी घेतली आणि उघड्या खिडक्यांकडं अशी नजर टाकली की खिडक्या एकेक करून बंद झाल्या.

दुसऱ्या दिवसापासून दुपारी अव्वा दारासमोर पाट टाकून बसायला लागल्या. कुणी आलं की म्हणायच्या, "निजल्यात दोघं. चारनंतर या."

एकदा पापड लाटताना मी धीर करून गौराक्कांना विचारलं. त्यांनी उत्तर देताना पोळपाटावरची नजरसुद्धा हलवली नाही.

"ते पैलं जमत न्हाई. डॉक्टर म्हणलाच हुता. सुरवातीला हे रडायचे, मी बी रडायचो. आता सोडलं ते. हात हाईत, तोंड हाय, कातडी हाय की सगळीकडं. आदी आमी आपलं घाईत असायचो, दुकान उघडायचं, अव्वा उठतील. कुठं काय बरं वाटतंय ते इतक्या वर्सांत इचारलंच नव्हतं एकमेकास्नी." मग जरा थांबून म्हणाल्या, "मध्येच पिशवी वाजती. हे लाजतात. मी म्हणतो, वाजू दे, माझं बी पोट वाजतंय की."

अण्णांच्या पिशवीला त्यांनी मऊ खणाच्या कापडाची खोळ शिवली होती, नाडीची. एक नाही, कितीतरी. अण्णा त्यांतली निवडून बांधायचे म्हणे. ते पुन्हा जेवायला लागले, अंगावर थोडं मांस आलं, पूजा सुरू झाली. पुढची काही वर्षं त्यांना मिळाली.

मग दुखणं परतलं आणि यकृतात गेलं. शेवटी कोल्हापुरातल्याच एका दवाखान्यात ठेवलं होतं. मी डबा घेऊन गेले तर गौराक्का त्या अरुंद खाटेवर चढून अण्णांच्या कुशीला झोपलेल्या, आणि सिस्टर कमरेवर हात ठेवून उभी.

"मावशी, असं चालत नाही. उतरा खाली."

"त्यांना थंडी वाजतीया."

"ब्लँकेट देते मी."

"ब्लँकेट हाय की अंगावर. त्यानं जात न्हाई ही थंडी." आणि मग, मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता अशा विनवणीच्या सुरात म्हणाल्या, "पडदा ओढा की, बाई."

सिस्टर क्षणभर घुटमळली. मग तिनं पडदा ओढला आणि माझ्या हातातला डबा घेऊन मला बाहेर बसायला सांगितलं.

मग त्यांना घरी आणलं. अण्णा घरीच वारले, गौराक्कांचा हात गालाखाली घेऊन. लिंगायतांत मृताला बसवून ठेवतात. भेटायला आलेल्या बायकांपैकी निपाणीच्या एक वडीलधाऱ्या विहीणबाई गौराक्कांना म्हणाल्या, "सुटला बिचारा. तू बी सुटलीस."

"मी कशातनं सुटलो?" गौराक्का म्हणाल्या. "माझं अंग हाय की अजून जागच्या जागी. त्येला काय सांगू मी?"

मुलीनं त्यांना हाताला धरून आत नेलं.

पुढचे महिने वाईट होते. त्यांचा मोठा आवाज गेला. दुकान अव्वा उघडायच्या आणि बंद करायच्या. एका दुपारी मी खाली गेले तर गौराक्का अण्णांचा शर्ट अंगात घालून बसलेल्या. मी जवळ बसून त्यांच्या पाठीवर हात ठेवला, तशा त्या ताठ झाल्या आणि मग एकदम ढासळल्या.

"कुनी हातच लावत न्हाई गं आता," त्या म्हणाल्या. "सगळे लांबनं चांगलं बोलत्यात. नातवंडं पाया पडत्यात, तेवढंच. माझी कातडी वाळून चाललीया."

अव्वा दारात होत्या. त्यांनी ते ऐकलं. मला वाटलं, आता फटकारतील. अव्वा काठी टेकत आत आल्या, गौराक्कांच्या अंथरुणावर आडव्या झाल्या आणि सुनेला म्हणाल्या, "ये हिकडं. नीज." गौराक्का त्यांच्याजवळ झोपल्या. म्हातारीनं त्यांच्या पाठीवर हात टाकला.

"मला कुनी असं धरलं नव्हतं, मगळे," अव्वा छताकडं बघत म्हणाल्या. मगळे म्हणजे लेकी. सुनेला ती हाक त्यांनी कधी घातली नव्हती. "बावीस वर्साची हुतो. कुनी धरलं न्हाई. मला वाटलं, असंच असतंय."

मी दार ओढून घेऊन वर आले.

नंतर विलासची नाशिकला बदली झाली. अव्वा गेल्याचं कळलं. मधूनमधून फोनवर बोलणं व्हायचं, मग तेही विरळ झालं. बऱ्याच वर्षांनी, दोन हजार पाच-सहाच्या सुमाराला एका लग्नासाठी कोल्हापूरला गेले तेव्हा शाहूपुरीत गेले. दुकान दुसऱ्या कुणाचं होतं. शेजारची बाई ओठ मुडपून म्हणाली, "त्या व्हय? आजऱ्याला गेल्या. एका मास्तराकडं. ह्या वयात."

मी दुसऱ्या दिवशी आजऱ्याची एसटी धरली. जाताना मनात काय होतं ते नीट सांगता येत नाही. राग होता थोडा. अण्णांच्या वतीनं.

घर सापडायला वेळ लागला नाही. गौराक्का पडवीत काजू निवडत बसल्या होत्या. केस पांढरे झाले होते, आवाज परत आला होता. "आलीस व्हय! किती वाळलीस! नवरा बरा हाय न्हवं?" आत एक उंच, वाकलेले गृहस्थ बसले होते. निवृत्त शिक्षक, पाटील मास्तर. त्यांच्या बायकोला छातीचा कॅन्सर झाला होता. ऑपरेशननंतर ती नवऱ्यासमोर कपडे बदलेना, आरशात बघेना, तेव्हा मिरजेच्या त्या डॉक्टरांनी गौराक्कांचा पत्ता दिला. गौराक्का येत राहिल्या, ती बाई जाईपर्यंत. आणि नंतरही. मास्तरांना आता कंपवात झाला होता, दोन्ही हात सतत थरथरायचे.

भिंतीवर अण्णांचा फोटो होता. शेजारी मास्तरांच्या बायकोचा.

मी फोटोकडं बघतेय हे गौराक्कांनी बघितलं. "इचार की," त्या म्हणाल्या. "सगळे मनात इचारत्यात."

"अण्णांना काय वाटलं असतं?"

"मला काय म्हाईत? मी रोज इचारतो, बोलत न्हाईत." मग फोटोच्या आजूबाजूला भिंतीत पडलेल्या खड्ड्यांकडं बोट दाखवलं. "तो खिळा मास्तरांनी मारलाय. मी मारतो म्हणलं तर ऐकलं न्हाईत. हे बघ कुठं कुठं ठोकलंय. भिताडाची चाळण केली, पण तुझ्या अण्णाला त्येंनीच टांगलं."

मास्तर ओशाळून हसले. माझ्या मनातलं जे काही होतं ते कुठंतरी सैल झालं. पूर्ण गेलं असं म्हणणार नाही.

दोघं मला गाडीपर्यंत सोडायला आले. आजऱ्याचा पाऊस, भुरभुर चालूच. मी खिडकीशी बसले. स्टँडवर भातलावणीहून आलेल्या बायका, शाळेची पोरं, सामान. मास्तर स्वेटरचं बटण लावायचा प्रयत्न करत होते. बोटं घसरत होती. गौराक्का शेजारी उभ्या राहून शेंगा फोडून खात होत्या आणि मदत करत नव्हत्या, नुसत्या थांबल्या होत्या. शेवटी बटण लागलं. मग मास्तरांनी तो थरथरणारा हात उचलला आणि भर स्टँडवर, सगळ्यांसमोर, गौराक्कांच्या कमरेवर ठेवला. दोन बायकांनी वळून बघितलं. गौराक्कांनी एक शेंग फोडली, दाणे मास्तरांच्या तोंडात घातले आणि टरफल टाकून दुसरी घेतली. गाडी वळेपर्यंत तो हात तिथंच होता.